राजाला आडनाव नाही, आप्पा!

निशिकासाई, टोकियो

तीर्थस्वरूप आप्पाकाका व काकू,

आपल्या लेकीच्या, मंजूच्या, लग्नपत्रिकेचा मसुदा आणि त्यावरचा आपला शेरा, दोन्ही पोचले. लग्नानंतरही माहेरचेच आडनाव ठेवीन असे ती म्हणाल्यावर आपण विरोधाची तीन कारणे लिहिली आहेत. पहिली दोन, म्हणजे लोक काय म्हणतील आणि लोक म्हणतीलच, यांना उत्तर नाही. ती आम्ही मुकाट्याने मान्य करतो. तिसऱ्या कारणात मात्र आपण थेट जपानला साक्षीला बोलावले आहे. जपानसारख्या पुढारलेल्या देशातही बायको नवऱ्याचेच आडनाव लावते, तसा तिथे कायदाच आहे, आणि राजघराण्यातली सून तर राजाचेच आडनाव लावत असणार, असे आपण लिहिता. साक्षीदार आमच्याच गावात राहतो, तेव्हा उलटतपासणी आम्ही केलेली बरी. कायद्याबद्दल आपण लिहिले ते अर्धे खरे आहे. राजघराण्याबद्दल लिहिले ते साफ चूक आहे, आणि त्या चुकीतच मंजूची बाजू दडलेली आहे.

जपानच्या सम्राटाला आडनाव नाही. लपवलेले नाही की हरवलेले नाही, मुळातच नाही. सध्याच्या सम्राटांचे नाव नारुहितो. १ मे २०१९ रोजी ते गादीवर आले. त्यांचे वडील अकिहितो, आजोबा हिरोहितो, पणजोबा योशिहितो. हे वाचून आपण म्हणाल, ‘हितो’ हेच आडनाव की! तसे नाही. ते नावाचेच शेवटचे अक्षर आहे, आणि राजघराण्यातल्या मुलग्यांच्या नावांत ते नवव्या शतकापासून येत आले आहे. मुलींच्या नावांत तसेच ‘को’ येते: आइको, काको, माको. दुसरी शंका ‘मिया’ची. नारुहितो लहानपणी ‘हिरो-नो-मिया’ म्हणून ओळखले जात, मग ते तरी आडनाव असेल? पण त्यांचे वडील ‘त्सुगु-नो-मिया’ होते आणि धाकट्या भावाला १९९० साली लग्नाच्या वेळी ‘अकिशिनो-नो-मिया’ ही पदवी मिळाली. बापाचे एक, थोरल्याचे दुसरे, धाकट्याचे तिसरे; अशा वस्तूला आपल्याकडे कोणी आडनाव म्हणणार नाही. शिवाय जे एकुलते एक नाव आहे, तेही इथे कोणी उच्चारत नाही. नुसते ‘तेन्नो हेइका’, म्हणजे सम्राट महाराज, एवढेच म्हणायचे. सगळा देश राजाच्या बाबतीत नव्या नवरीसारखा वागतो. उखाणा तेवढा घेत नाही.

आता असे का, हे पाहिले की आडनाव या वस्तूची खरी जात कळते. जुन्या जपानात घराण्याची नावे सम्राट देत असे. ६६९ साली नाकातोमी कामातारी या मुत्सद्द्याला मरणशय्येवर ‘फुजिवारा’ हे नाव मिळाले आणि त्या नावाच्या घराण्याने पुढे कित्येक पिढ्या दरबार चालवला. सागा नावाच्या सम्राटाला मुले फार झाली. सगळ्यांना राजवाड्यात पोसणे खजिन्याला परवडेना, तेव्हा ८१४ साली त्याने कित्येकांना ‘मिनामोतो’ हे नाव देऊन रयतेत धाडले. हे बारकाईने पाहा. राजपुत्राला आडनाव मिळाले ते बढती म्हणून नव्हे, वाड्याबाहेर पाठवताना. जो वाटतो त्याला स्वतःसाठी घ्यायचे कारण नाही, कारण त्याला देणारा वर कोणी नाही. आजही हाच हिशेब चालू आहे. प्रत्येक जपानी कुटुंबाचे ‘कोसेकी’ नावाच्या दप्तरात पान असते. जन्म, लग्न, मृत्यू त्यात चढतात आणि एका पानावर एकच आडनाव चालते. सम्राटाचे कुटुंब या दप्तरात नाही. त्यांच्यासाठी वेगळी वंशवही आहे. कोसेकीत नाव नाही म्हणून त्यांना मतदानही नाही, आणि सम्राट-सम्राज्ञी पासपोर्टशिवाय परदेशी जातात. सरकारी कागदांवर उमटणारा सम्राटाचा सोन्याचा शिक्का १८७४ साली घडवलेला आहे. त्यावर ‘सम्राटाचा शिक्का’ एवढेच कोरले आहे. कोणत्या सम्राटाचा, तेसुद्धा नाही. आमच्यासारख्या परदेशस्थाच्या ओळखपत्रावर मात्र आडनाव, नाव आणि बापाचे नाव अशी इंग्रजी अक्षरांची आगगाडी लागते आणि दवाखान्यातली परिचारिका ती वाचता वाचता दमते.

म्हणून आमचे म्हणणे असे, की आडनाव हे दप्तराचे लेकरू आहे. ज्याच्याकडून सारा घ्यायचा, ज्याला फौजेत भरती करायचे, ज्याचे वतन वहीत मांडायचे, त्याला आडनाव लागते. आपल्याकडचीच उतरंड घ्या. गावचे दप्तर लिहिणारा तो कुलकर्णी, आणि लिहिता लिहिता तेच त्याचे आडनाव झाले. तो दप्तर लिहीत होता खरा, पण त्याचेही वतन कोणाच्या तरी वहीत होते. परगण्याला त्याच्या वर देशपांडे, त्याचेही तसेच. पाटलाच्या वर देशमुख, त्याचेही तसेच. असे चढत चढत गेले की जिथे वर वही धरणारा कोणी उरत नाही, तिथे आडनाव गळून पडते. शिवाजी महाराजांची राजमुद्रा आपण शाळेत पाठ केली होती. त्यात शहाजींचा पुत्र शिव एवढाच उल्लेख आहे. भोसले हा शब्द त्या मुद्रेत शोधून सापडणार नाही. आणि वतने गेली तरी आडनावे गेली नाहीत, हेही दप्तराच्या स्वभावाला धरूनच आहे. कुलकर्णी वतन १९५० च्या कायद्याने गेले, मुलकी पाटीलकीचा १९६२ च्या कायद्याने निकाल लागला, तरी कुलकर्णी आणि पाटील दारावरच्या पाट्यांवर ठाण मांडून आहेत. काम सुटले, शेरा राहिला.

आपला नगर जिल्हा तर या बाबतीत जपानच्या तोडीचा आहे. मलिक अहमदने १४९० साली निजामशाही उभी केली आणि पुढे वसवलेल्या शहराला आपले नाव दिले, नुसते नाव. ‘निजामशाह’ हेसुद्धा कुळाचे नाव नव्हे, बापाच्या ‘निजामुल्मुल्क’ या किताबातून आलेले. तो बाप मूळच्या पाथरीच्या एका ब्राह्मण घरातला होता, असे फिरिश्ता लिहितो. त्या घराचे आडनाव तख्तापर्यंत पोचले नाही. पुढे २०२४ साली शहराचे नाव बदलून अहिल्यानगर झाले, तेही नुसते नाव. पाच शतकांत राज्य बदलले, भाषा बदलली, नाव बदलले, पण शहराला आडनाव लावायचे कोणालाही सुचले नाही. ज्यांचे नाव दिले त्या अहिल्याबाई जामखेड तालुक्यातल्या चौंडीच्या, माणकोजी शिंद्यांच्या लेक. लग्नानंतर होळकर झाल्या, आणि होळकर तरी काय, तर होळ गावचे म्हणून होळकर. म्हणजे चौंडीच्या मुलीच्या नावामागे तिने न वसवलेले, तिच्या माहेराशी संबंध नसलेले एक गाव लागले. राज्यकारभार हाती आल्यावर त्यांच्या हुकुमांवर ‘श्री शंकर’ अशी अक्षरे असत असे सांगतात. शिंदे नाही, होळकर नाही, अहिल्यासुद्धा नाही.

गादीवरच्या माणसाचे जे होते तेच गादी नाकारणाऱ्याचेही होते. नेवाशाला १२९० साली ज्ञानेश्वरी सांगणारे आपेगावच्या कुलकर्ण्यांच्या घरातले, पण ‘श्री. ज्ञानेश्वर कुलकर्णी’ म्हटले तर नेवाशात तरी कोणी ओळखणार नाही. शिर्डीच्या साईबाबांची गोष्ट याहून मोठी. चोरीच्या एका खटल्यात त्यांची साक्ष नोंदवायला न्यायालयाचा माणूस शिर्डीला आला, तेव्हा बाबांनी आपले नाव साईबाबा सांगितले आणि वडिलांचे नाव विचारल्यावर तेही साईबाबाच सांगितले, अशी हकीकत त्यांचे चरित्रकार देतात. त्या कारकुनाने रकाने कसे भरले असतील देव जाणे. पण देशोदेशींची माणसे त्या गावी येतात, आणि आडनावाचा रकाना कोरा आहे म्हणून कोणी दारातून परत गेल्याचे ऐकिवात नाही.

आता आपला आक्षेप आम्हाला इथून ऐकू येतो: भोसले, शिंदे, मोरे ही नावे काय इंग्रजांच्या कचेरीत जन्मली? शेकडो वर्षे जुनी आहेत! खरे आहे. कुळाचे नाव जुने असते, जपानातही होते. पण काही कुळांना नाव असणे वेगळे आणि प्रत्येक माणसाच्या नावाला एक डबा जोडलेलाच असला पाहिजे हा नियम वेगळा. हा नियम जपानात केव्हा आला त्याची तारीख उपलब्ध आहे. आधी उघडपणे आडनाव लावणे हा सामुराईंचा, तलवारीबरोबरचा मान होता. शेतकऱ्यांत कित्येकांकडे घरगुती नावे असत, पण ती सरकारी कागदावर चालत नसत. १८७० साली सामान्यांना परवानगी मिळाली. लोकांनी फारसा उत्साह दाखवला नाही. १८७३ साली सक्तीची लष्करभरती आली, फौजेच्या खात्याला याद्या नीट लागू लागल्या, आणि १३ फेब्रुवारी १८७५ रोजी आडनाव सक्तीचे झाले. ज्यांच्याकडे नव्हते त्यांनी शेत, डोंगर, ओढा, जे जवळ होते त्यावरून घेतले, आपल्याकडे गाव सोडलेला माणूस जसा संगमनेरकर किंवा पारनेरकर होतो तसेच. शिवभारत लिहिणारे कवींद्र परमानंदही नेवाशाचे म्हणून नेवासकर. त्याच दप्तराची काळी बाजूही सांगितली पाहिजे. १८७२ च्या पहिल्या देशव्यापी नोंदवहीत जुन्या अस्पृश्य मानलेल्या समाजांची ओळख पटेल अशा खुणा राहिल्या, आणि लग्नासाठी, नोकरीसाठी घराणे तपासणारे लोक ती चाळू लागले. अखेर १९६८ साली ती वही लोकांसाठी बंद करावी लागली. आपल्याकडे आडनाव विचारून लोक काय चाचपतात, हे आपणास आम्ही सांगायला नको. वही बंद करता येते. ‘तुम्ही कुठले, पूर्ण नाव काय’ हा प्रश्न बंद करता येत नाही.

राहिला कायदा. जपानी दिवाणी कायद्याचे ७५० वे कलम सांगते की नवरा-बायकोने एकच आडनाव घ्यावे. नवऱ्याचे किंवा बायकोचे, हे त्यांनी ठरवावे. म्हणजे कागदावर निवड आहे. प्रत्यक्षात शंभरातल्या सुमारे पंचाण्णव जोडप्यांत बायकोचेच जाते. हे घटनेविरुद्ध आहे म्हणून बायका सर्वोच्च न्यायालयात गेल्या. २०१५ साली आणि पुन्हा २०२१ साली न्यायालयाने कायदा उचलून धरला. इथवर साक्षीदार आपल्या बाजूने बोलला. पण ही पुरातन परंपरा आहे असे जे म्हटले जाते, त्याचे वय मोजा. १८७६ साली सरकारला विचारले गेले की लग्न झालेल्या बाईने कोणते आडनाव लावावे, तेव्हा सरकारचेच उत्तर होते: माहेरचे. १८९८ साली नवी संहिता आली, तेव्हा घराचे एक नाव आणि सून त्या घराच्या नावात असे ठरले. म्हणजे मंजू जे मागते आहे ते जपानात बावीस वर्षे सरकारी आज्ञेने चालू होते, आणि त्या बावीस वर्षांत जपान बुडाला नाही. उलट चीनशी युद्ध जिंकला. शेजारच्या कोरियात आणि चीनमध्ये बायका लग्नानंतर माहेरचेच आडनाव ठेवतात, आणि ती घराणी पितरांच्या बाबतीत आपल्यापेक्षा ढिली आहेत असे कोणी म्हणणार नाही. आणखी एक गंमत. हा एकाच आडनावाचा नियम परदेशी जोडीदाराला लागू नाही. उद्या एखाद्या जपानी मुलीने आपल्या राहुरीच्या मुलाशी लग्न केले तर ती खुशाल आपले आडनाव ठेवू शकते, कायद्याने. एकाच इमारतीत वरच्या मजल्यावर दोन आडनावांचे कायदेशीर घर आणि खालच्या मजल्यावर त्याला बंदी, असे हे कलम आहे. कुटुंब एकसंध राहण्यासाठी एक आडनाव लागतेच असे म्हणणाऱ्यांनी वरच्या मजल्यावर जाऊन पाहावे.

आणि राजघराण्यातली सून? मासाको ओवादा परराष्ट्र खात्यात अधिकारी होत्या. ९ जून १९९३ रोजी त्यांचे तेव्हाच्या युवराजांशी, म्हणजे नारुहितोंशी, लग्न झाले आणि ओवादांच्या पानावरून त्यांचे नाव उतरले. चढले कोणते आडनाव? कोणतेच नाही. त्यांच्या सासूबाई मिचिको शोदा यांचेही १९५९ साली हेच झाले. उलट दिशेने पाहा: राजकन्येने सामान्य माणसाशी लग्न केले तर १९४७ च्या राजघराणे कायद्याने ती सामान्य होते. राजकन्या सायाको २००५ साली कुरोदा झाल्या. माको २६ ऑक्टोबर २०२१ रोजी कोमुरो झाल्या. वाडा सोडताना मिळणारी कोट्यवधी येनची रक्कमही त्यांनी नाकारली, आणि आडनाव तेवढे घेऊन न्यूयॉर्कला गेल्या. मुलग्यांना हा नियम नाही. आता घराण्यात माणसेच थोडी उरल्यामुळे, लग्नानंतरही राजकन्यांना घराण्यात ठेवावे का, यावर राजकारणी वर्षानुवर्षे खल करत आहेत. सगळ्यांत बोलका दिवस १४ ऑक्टोबर १९४७. युद्ध हरल्यावर खर्च कमी करताना राजघराण्याच्या अकरा शाखा, एक्कावन्न माणसे, एका दिवसात सामान्य रयत झाली. ताकेदा-नो-मियाचे नुसते ताकेदा झाले, हिगाशिकुनी-नो-मियाचे हिगाशिकुनी. ज्या दिवशी सगळे गेले त्या दिवशी आडनाव आले. आपण ज्या वस्तूला घराण्याची इज्जत म्हणता, ती त्यांना नुकसानभरपाईसारखी मिळाली.

यावर आपला हुकमी एक्का आम्हाला ठाऊक आहे. आडनाव जर नुसता दप्तराचा शिक्का असेल, तर मंजूने तरी त्यासाठी एवढे अडून का बसावे? टाकावे एक, लावावे दुसरे. प्रश्न रास्त आहे. पण शिक्का कोणी मारला यावर त्याची आजची किंमत ठरत नाही. डॉक्टर म्हणून तिच्या पदव्या, दवाखान्याची नोंदणी, बँकेचे खाते, रुग्णांना तोंडपाठ झालेले नाव, हे सगळे त्या शिक्क्यावर उभे आहे. जपानी बायका न्यायालयात गेल्या त्या घराण्याच्या अभिमानापोटी नव्हे. पंधरा वर्षांचे काम एका नावावर आणि पुढचे दुसऱ्या नावावर पडते म्हणून. आडनाव पवित्र असते तर ते बदलायला लावणे पाप ठरले असते. ते नुसते दप्तरी आहे, तर तिच्याच दप्तराची मोडतोड करण्याचे कारण काय? दोन्ही वाटांनी आपण मंजूपाशीच येता. शिवाय आपली रीत जपानपेक्षा कडक आहे, हे विसरू नका. इथे बाईचे एकच नाव जाते. आपल्याकडे मधले बापाचे नाव जाऊन नवऱ्याचे येते, शेवटचे जाते, आणि काही घरांत ताटातल्या तांदळावर सोन्याच्या अंगठीने पहिलेही नवे लिहितात. तीनपैकी तीन! आणि हे सारे कोणत्याही कायद्याशिवाय. बायकोने नवऱ्याचे आडनाव लावलेच पाहिजे असा कायदा भारतात नाही. सरकारही हलू लागले आहे: १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी आईचे, मग वडिलांचे नाव आणि मग आडनाव, असा महाराष्ट्र सरकारचा निर्णय झाला. लग्न झालेल्या बाईसाठी मात्र त्याच निर्णयाने पतीचे नाव आणि आडनाव लावण्याची चालू पद्धत तशीच ठेवली आहे. म्हणजे आईचे नाव बाळाच्या कागदावर आले, पण आईच्या स्वतःच्या कागदावर नवऱ्याचेच. अर्धे काम झाले, अर्धे आपल्यासारख्या वडीलधाऱ्यांनी करायचे राहिले आहे.

तेव्हा आप्पा, जपानला साक्षीदाराच्या पिंजऱ्यातून उतरवा. तो आपल्या कामाचा नाही. पत्रिका छापखान्यात देण्याआधी मंजूला समोर बसवून विचारा आणि ती सांगेल ते नाव, ती सांगेल त्या आडनावासह, जाड ठशात छापा. व्याह्यांनी हरकत घेतली तर हे पत्र त्यांना वाचायला द्या. जमले तर जेवणाआधी नको, नंतर द्या. काकूंचे माहेरचे पूर्ण नाव काय होते तेही उलट टपाली कळवा. घरातल्या कोणालाच ते सांगता आले नाही.



आपला पुतण्या व सूनबाई